मागे लागणं आणि मागे उभं राहणं

विजयदुर्गहून पडेल कँटीनच्या तिठ्यावरून तळेऱ्याला निघालं आणि तिथून गगनबावड्याचा घाट चढला की कोल्हापूर येतं. आपल्याकडच्या माणसांना कोल्हापूर तसं परकं नाही. दवाखाना, बाजार, अंबाबाईचं दर्शन, पोराबाळांचं शिक्षण, काही ना काही निमित्तानं तिकडे जाणं होतंच. पण याच कोल्हापुरानं आपल्याला एक वेगळीच देणगी दिली आहे, आणि तिची आठवण हल्ली फारशी कुणी काढत नाही. मराठी पडद्यावरचं प्रेम आधी रडूनओरडून किंवा पौराणिक मुकुट घालून यायचं. त्याला मनमोकळं हसायला ज्यांनी शिकवलं, ते मास्टर विनायक याच कोल्हापूरचे. आजच्या मुलींना सांगायचं तर अभिनेत्री नंदाचे वडील. लताबाईंना पोरक्या वयात कामाचा आधार देणारे तेच. पण ही झाली त्यांची नात्यागोत्यातली ओळख. त्यांची स्वतःची ओळख त्याहून मोठी आहे.

विनायकांची गोष्ट सांगण्याआधी थोडं मागे जायला हवं, मुक्या सिनेमाच्या काळात. तेव्हा पडद्यावर बोलणं नव्हतं. खाली बसून कुणी पेटी वाजवायचा, कुणी तबला. पडद्यावरची माणसं नुसते हातवारे करायची आणि मधूनमधून अक्षरांच्या पाट्या यायच्या. अमेरिकेत याच काळात विनोदी चित्रपटांची लाट आली. चार्ली चॅप्लिन, हॅरॉल्ड लॉइड, बस्टर कीटन ही नावं जगभर झाली. त्यांच्या पुष्कळशा चित्रपटांची गोष्ट एका ओळीत सांगता येते. एक साधासुधा, गबाळा मुलगा असतो. त्याला एक मुलगी आवडते. तो तिच्या मागे लागतो, पडतो, आपटतो, मार खातो, पुन्हा उठतो आणि शेवटी तिला मिळवतो. लॉइडच्या 1924 सालच्या ‘गर्ल शाय’मध्ये तो मुलींसमोर तोतरं बोलणारा शिंपीकामाचा उमेदवार आहे. आवडत्या मुलीचं लग्न दुसऱ्याशी लागणार हे कळल्यावर तो मिळेल त्या वाहनानं धावत सुटतो. मोटार, ट्राम, घोडा, काहीच सोडत नाही! कीटनच्या 1925 सालच्या ‘सेव्हन चान्सेस’मध्ये उलटच गंमत. संध्याकाळी सातच्या आत लग्न केलं तर त्याला सत्तर लाख डॉलरचा वारसा मिळणार असतो, आणि शेकडो नवऱ्या नटूनथटून त्याच्याच मागे धावतात.

चिकाटी हा या सगळ्या चित्रपटांचा प्राण. बघणाऱ्याला त्या मुलाची दया यायची, त्याच्या जिद्दीचं कौतुक वाटायचं. पण तुमच्या आमच्या नजरेनं पाहिलं तर एक प्रश्न पडतो. त्या मुलीला काय वाटत होतं? ती बहुतेक वेळा खिडकीत किंवा बागेत उभी असायची, छान हसायची आणि शेवटी बक्षिसासारखी मिळायची. तिचं मन विचारायला कुणाला सवड नव्हती.

आपल्याकडे तर त्याहून वेगळी अडचण होती. प्रेमाची गोष्ट दाखवायची म्हणजे आधी नायिका हवी, आणि नायिकाच मिळत नव्हती! दादासाहेब फाळक्यांनी 1913 मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ काढला, तेव्हा तारामतीचं काम साळुंके नावाच्या पुरुषानं केलं. 1917 च्या ‘लंकादहन’मध्ये तर याच साळुंक्यांनी राम आणि सीता अशी दोन्ही कामं केली. आता राम आणि सीता एकच माणूस असेल तर त्यांनी एकमेकांकडे प्रेमानं बघायचं तरी कसं, सांगा! मधल्या काळात दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला या दोघी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये उभ्या राहिल्या आणि पडद्यावर पहिल्यांदा खरी बाई दिसली. त्याच चित्रपटाबरोबर फाळक्यांनी ‘पीठाचे पंजे’ नावाचा एक छोटा विनोदी चित्रपट दाखवला होता. बंगालमध्ये धीरेन गांगुलींनी 1921 मध्ये ‘बिलात फेरत’ काढून विलायतेहून परतलेल्या तरुणाची थट्टा केली. पण मूकपटांच्या काळात आपल्याकडे विनोदी प्रेमकथा थोड्याच. देवदेवता, संत आणि शिवकाल यांचीच चलती होती.

त्याला कारणही होतं. ज्या समाजात लग्न आईबाप ठरवायचे, मुलगी दोन मिनिटं पाटावर बसून चहापोह्यांचा ट्रे पुढे करायची आणि तेवढ्यावर आयुष्य ठरायचं, तिथं प्रेमाची आळवणी कोण करणार आणि कुणाची? मुलीचं लग्नाचं वय किमान चौदा असावं, असा शारदा कायदा आपल्याकडे झाला तोच मुळी 1929 मध्ये. त्याच्याही आधी कितीतरी मुली पोरवयातच बोहल्यावर उभ्या राहत होत्या.

अशा काळात, 19 जानेवारी 1906 रोजी कोल्हापुरात विनायक दामोदर कर्नाटकी यांचा जन्म झाला. त्यांचं घराणं म्हणजे चित्रपटांचं माहेरघरच म्हणायचं. बाबूराव आणि भालजी पेंढारकर त्यांचे जवळचे नातेवाईक. व्ही. शांतारामही नात्यातले. सख्खे भाऊ वासुदेव पुढे छायाचित्रणकार झाले. कोल्हापुरात तेव्हा बाबूराव पेंटरांची महाराष्ट्र फिल्म कंपनी जोरात होती. पेंटरांनी कॅमेरासुद्धा स्वतः खटपट करून तयार केलेला. 1920 चा त्यांचा ‘सैरंध्री’ गाजला होता. गावात कुठंही गेलं तरी सिनेमाची चर्चा! विनायकांना गाण्याचं अंग होतं. काही काळ त्यांनी शाळेत शिकवलंही. पण मन त्यात रमणारं नव्हतं.

1929 मध्ये कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी सुरू झाली. 1931 मध्ये ‘आलम आरा’नं हिंदुस्थानी सिनेमाला वाचा दिली, आणि 1932 मध्ये प्रभातनं ‘अयोध्येचा राजा’ काढला. गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र, दुर्गा खोटे तारामती आणि विनायक नारद. म्हणजे विनायकांचं पडद्यावरचं पाऊल पडलं तेच बोलक्या सिनेमाबरोबर. मागोमाग ‘अग्निकंकण’, ‘माया मच्छिंद्र’, ‘सिंहगड’ असे चित्रपट झाले. 1933 मध्ये प्रभात पुण्याला गेली. विनायक मात्र कोल्हापुरातच राहिले आणि नव्या कोल्हापूर सिनेटोनमध्ये दाखल झाले. तिथंच 1935 मध्ये त्यांनी पहिला चित्रपट दिग्दर्शित केला, ‘विलासी ईश्वर’. त्याची कथा होती मालवणशी जुनं नातं असलेल्या मामा वरेरकरांची, आणि याच चित्रपटातून शोभना समर्थ पडद्यावर आल्या. पुढच्या पिढीतल्या नूतन आणि तनुजा यांची ती आई.

1936 मध्ये विनायक, बाबूराव पेंढारकर आणि कॅमेरामन पांडुरंग नाईक या तिघांनी मिळून हंस पिक्चर्स काढलं. आता इथे आपल्या सिंधुदुर्गाचा धागा लागतो बघा. हंसचा पहिला चित्रपट ‘छाया’. त्याची कथा लिहिली वि. स. खांडेकरांनी. खांडेकर तेव्हा वेंगुर्ल्याजवळच्या शिरोड्याला शाळेत मास्तर होते. 1920 पासून अठरा वर्षं त्यांनी तिथं शिकवलं. समुद्रकाठच्या त्या लहानशा गावातल्या मास्तरांना कोल्हापूरच्या तरुण दिग्दर्शकानं सिनेमात ओढलं आणि एका मोठ्या लेखकाची पडद्याशी गाठ पडली. ‘छाया’ ही गरिबीनं पिचलेल्या घराची करुण कथा. नायिका होत्या लीला चिटणीस. पदवीधर, मुलाबाळांची आई, आणि संसाराचा भार स्वतःच्या खांद्यावर घेतलेली बाई. त्या काळात अशा बाईला नायिका करणं ही साधी गोष्ट नव्हती.

पण विनायकांचं खरं देणं विनोदाचं, आणि त्यासाठी त्यांना जोडीदार मिळाला तो आचार्य अत्र्यांसारखा. अत्र्यांची लेखणी आणि विनायकांची नजर! ‘धर्मवीर’ आणि ‘प्रेमवीर’ 1937 मध्ये आले. 1938 मध्ये ‘ज्वाला’वर हंसनं भरपूर पैसा ओतला आणि तो चित्रपट चालला नाही. कंपनीचं कंबरडंच मोडायची वेळ आली. घरातली बाई अशा वेळी काय करते? डबे झाडूनपुसून जे निघेल त्यात चविष्ट काहीतरी करते. विनायकांनी तेच केलं. त्याच वर्षी कमी खर्चात, हलक्याफुलक्या अंगानं एक चित्रपट काढला. त्याचं नाव ‘ब्रह्मचारी’.

‘ब्रह्मचारी’ची गंमत मुळात कल्पनेतच आहे. औदुंबर नावाचा एक तरुण. खोलीत नट्यांची चित्रं लावून स्वप्नं बघणारा. एक दिवस ब्रह्मचर्यावरचं जोरदार भाषण ऐकतो आणि त्याच्या अंगात संचारतं. भिंतीवरची चित्रं काढून टाकतो, जोरबैठका मारायला लागतो, आजन्म ब्रह्मचारी राहण्याचं व्रत घेतो. आणि मग त्याच्या आयुष्यात किशोरी येते. औदुंबर झाले होते स्वतः विनायक आणि किशोरी मीनाक्षी शिरोडकर. पुढे काय होणार हे बघणाऱ्याला कळतं, फक्त औदुंबरालाच कळत नाही!

आता मघाच्या त्या मूकपटांशी ताडून बघा. तिथं मुलगा मागे लागायचा आणि मुलगी वाट बघत उभी असायची. इथं मुलगा पळतोय आणि मुलगी त्याला खेचतेय. तिला तो आवडलाय आणि ते तिला ठाऊक आहे. ती लाजून कोपऱ्यात बसत नाही. ती हसते, त्याला छेडते, पाण्याशी बोलावते. आणि आपण हसतो कुणाला? मुलीला नाही. हसतो ते त्या व्रतस्थ पुरुषाला, त्याच्या खोट्या ताठ्याला. बाईकडे पाहिलं तर आपण बिघडू, असं मानून बाईलाच दूर ठेवणाऱ्या विचाराची ती टर होती. 1938 मध्ये हे सांगायला धाडस लागत होतं. विनायकांनी ते रागावून सांगितलं नाही, गुदगुल्या करून सांगितलं, म्हणून ते माजघरापर्यंत पोचलं.

या चित्रपटात मीनाक्षीबाईंनी पोहण्याचा पोशाख घालून गाणं म्हटलं. आज आपल्याला त्याचं काय वाटणार? पण त्या वेळी केवढा गहजब झाला! नाकं मुरडली गेली, टीका झाली, आणि चित्रपट बघायला झुंबडही उडाली. नाकं मुरडणारेच तिकिटाच्या रांगेत पुढे असतात, हे आपल्याला काही नवीन नाही. मीनाक्षीबाई मूळच्या रतन पेडणेकर. ‘ब्रह्मचारी’च्या वेळी त्यांचं लग्न झालेलं होतं, यजमान डॉक्टर होते. म्हणजे एका लग्न झालेल्या, घरंदाज बाईनं हे काम केलं आणि मान खाली न घालता पुढेही चित्रपटांत आणि रंगभूमीवर कामं केली. आजच्या वाचकांना ओळख पटावी म्हणून सांगते, शिल्पा आणि नम्रता शिरोडकर या त्यांच्या नाती. विनायकांचं नाव दिग्दर्शक म्हणून झालं, पण त्या दिवशी कॅमेऱ्यासमोर उभी राहिली ती बाई. लोकांची बोलणी खाल्ली तीही तिनंच. हे विसरून चालणार नाही.

पुढच्याच वर्षी, 1939 मध्ये, अत्रे-विनायक जोडीनं ‘ब्रँडीची बाटली’ काढला. त्यातला बगाराम म्हणजे दामूअण्णा मालवणकर. दामूअण्णांचे डोळे जरासे तिरळे होते. दुसऱ्या कुणाला ती उणीव वाटली असती, दामूअण्णांनी तिचंच भांडवल केलं. बगाराम हा म्युनिसिपालिटीतला भोळाभाबडा कारकून. त्याचं मन मालतीवर जडलंय. मालतीचा भाऊ आजारी आहे आणि औषध म्हणून ब्रँडी हवी आहे. बगारामला ब्रँडी म्हणजे काय, ती कुठं मिळते, याचा पत्ता नाही! तरी तो निघतो. इथं विचार, तिथं विचार, चुकीच्या दारात जा, फजिती करून घे, पुन्हा पुढे चल. दारूबंदीच्या त्या दिवसांत हा साधा माणूस बाटलीच्या शोधात वणवण फिरतो आणि बघणारे पोट धरून हसतात.

मला बगाराम फार मोलाचा वाटतो. कारण त्याची चिकाटी बघा कशासाठी आहे. तो मालतीच्या मागे मागे फिरत नाही. तिच्या खिडकीखाली उभा राहत नाही, तिची वाट अडवत नाही. तिला जे हवंय त्याच्या मागे तो फिरतो. त्रास त्याला होतो, तिला नाही. हसं त्याचं होतं, तिचं नाही. प्रेमातली चिकाटी म्हणजे काय, हे एका विनोदी चित्रपटानं किती सोपं करून सांगितलं!

हे आज मुद्दाम का सांगायचं? कारण पुढच्या काळात आपल्या सिनेमानं नेमकं उलटं शिकवलं. नायक मुलीच्या मागे लागतो, सायकल आडवी घालतो, ओढणी ओढतो, गाणं म्हणतो, ती नको नको म्हणते आणि शेवटच्या रिळात हो म्हणते. असे किती चित्रपट पाहिलेत आपण! ते बघून वाढलेल्या मुलांना वाटतं, मुलीचा नकार म्हणजे थोडा वेळ थांबलेला होकार. आणि मग देवगडला किंवा कणकवलीला कॉलेजात जाणारी मुलगी एसटीच्या थांब्यावर मैत्रिणींच्या घोळक्यात उभी राहायला बघते. घरी सांगायलाही घाबरते, कारण सांगितलं तर कॉलेजच बंद होईल. आपल्या विजयदुर्गाला जुन्या काळी घेरिया म्हणत. किल्ल्याला वेढा घालतात हे ठीक, पण मुलगी म्हणजे किल्ला नव्हे. तिला वेढा घालून जिंकायचं नसतं.

आणि हे नुसतं बोलायचं नाही. मुलीनं नको म्हटल्यावरही तिचा पाठलाग करणं, पुन्हा पुन्हा संपर्क साधणं, तिच्यावर पाळत ठेवणं, हा 2013 पासून आपल्याकडे कायद्यानं गुन्हा आहे. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेतही तो कलम 78 मध्ये आहे. पहिल्याच गुन्ह्याला तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. लेकीला हे सांगून ठेवा, आणि लेकालाही. लेकाला तर आधी.

विनायक सगळ्याच बाबतींत काळाच्या पुढे होते, असं म्हणून त्यांना देव्हाऱ्यात बसवायचं कारण नाही. 1940 मध्ये आलेला त्यांचा ‘अर्धांगी’ बघा. त्यात शिकलेल्या, नव्या वळणाच्या बाईकडे ओढला जाणारा नवरा आणि घरातली साधी, जुन्या वळणाची सावित्री अशी मांडणी होती. हसं झालं ते शिकलेल्या बाईचं. ‘ब्रह्मचारी’त मुलीला मोकळं करणारे हेच लोक, दोन वर्षांत पदवीधर बाईची थट्टा करायला निघाले. आणि ती थट्टाही लोकांना आवडली! काळ असा एका दिशेनं सरळ जात नाही. माणूसही जात नाही.

त्याच वर्षी विनायकांनी चिं. वि. जोशांच्या चिमणरावाला पडद्यावर आणलं. चित्रपटाचं नाव ‘लग्न पहावे करून’. घर बांधावं आणि लग्न करून पाहावं, हे आपण सगळ्याच जाणतो. दामूअण्णा झाले चिमणराव, विष्णुपंत जोग गुंड्याभाऊ. बहिणीचं लग्न जमवताना त्या गरीब मध्यमवर्गीय माणसाची जी तारांबळ उडते, ती बघताना प्रेक्षकांतल्या प्रत्येक थोरल्या भावाला, प्रत्येक मुलीच्या बापाला आपलंच घर दिसलं असणार. 1942 मध्ये ‘सरकारी पाहुणे’ही आला. दरम्यान खांडेकरांच्या कथेवरचा ‘अमृत’ 1941 मध्ये झाला. कोकणातल्या गावची, माडीच्या व्यसनाची ती कथा. माडीनं कोकणातल्या किती बायकांच्या संसाराची माती केली, हे आपल्याला कुणी वेगळं सांगायला नको.

एवढं यश मिळूनही पैशाच्या बाबतीत विनायकांची ओढाताणच होती. हंस संपलं, त्याच्या जागी नवयुग कंपनी उभी राहिली. तिथंही जमलं नाही, बाहेर पडले. 1943 मध्ये कोल्हापुरात स्वतःची प्रफुल्ल पिक्चर्स काढली. दर वेळी मोडायचं आणि पुन्हा उभं करायचं.

याच धावपळीच्या दिवसांत एक घटना घडली. 24 एप्रिल 1942 रोजी पुण्यात मास्टर दीनानाथ मंगेशकर गेले. एके काळी ज्यांच्या गाण्यासाठी नाटकगृहं भरून वाहायची, त्यांच्या मागे बायको आणि पाच मुलं उघड्यावर पडली. थोरली लता तेव्हा बारा वर्षांची होती. विनायकांचा या घराशी स्नेह होता. ते मदतीला आले. त्यांनी दयेपोटी चार पैसे हातावर ठेवून पाठ फिरवली नाही. त्यांनी त्या मुलीला काम दिलं. नवयुगच्या ‘पहिली मंगळागौर’ या चित्रपटात तिनं छोटी भूमिका केली आणि गाणं म्हटलं. पुढे ती प्रफुल्ल पिक्चर्समध्ये पगारावर लागली, कुटुंब कोल्हापुरात आलं. ‘माझे बाळ’, ‘गजाभाऊ’ अशा चित्रपटांत तिनं लहानसहान कामं केली. 1945 मध्ये कंपनी मुंबईला गेली तेव्हा तीही गेली. तिथं ‘बडी माँ’ या चित्रपटात नूरजहाँबरोबर तिला काम मिळालं. उस्ताद अमान अली खाँसाहेबांकडे तिचं गाण्याचं शिक्षण सुरू झालं तेही याच काळात.

लताबाईंना अभिनय मनापासून आवडत नव्हता हे सगळ्यांना माहीत आहे. रंग लावून कॅमेऱ्यासमोर उभं राहणं त्यांना जड जायचं. पण घरात चार लहान भावंडं होती. महिन्याचा ठरलेला पगार म्हणजे काय असतं, हे ज्या बाईनं एकटीनं घर चालवलंय तिलाच कळेल. नवरा गेल्यावर गोड बोलणारे पुष्कळ येतात. पोरीच्या हाताला काम देणारा एखादाच. पुढे त्या मुलीनं जे करून दाखवलं ते तिच्या गळ्याचं आणि कष्टाचं. पण ती उभी राहीपर्यंतची ती पाच वर्षं, तिच्या मागे एक माणूस उभा होता.

मागे लागणं आणि मागे उभं राहणं, दोन्हींत शब्द ‘मागे’च. पण फरक केवढा!

मुंबईत विनायकांनी ‘सुभद्रा’ काढला. शांतारामांच्या राजकमलसाठी ‘जीवनयात्रा’ दिग्दर्शित केला. दोन्ही 1946 चे. ‘मंदिर’चं काम सुरू होतं. पण शरीर थकलं होतं. देश स्वतंत्र झाला आणि चारच दिवसांनी, 19 ऑगस्ट 1947 रोजी, विनायक गेले. वय अवघं एकेचाळीस. साऱ्या देशात अजून पताका उतरल्या नव्हत्या आणि कर्नाटकींच्या घरात अंधार झाला होता. ‘मंदिर’ त्यांच्या मागे पुरा होऊन 1948 मध्ये लागला.

आणि मग तीच गोष्ट पुन्हा, फक्त घर बदललं. पाच वर्षांपूर्वी मंगेशकरांकडे जे झालं तेच आता विनायकांच्या घरी. पत्नी सुशीलाबाई आणि लहान लहान मुलं. त्यातली नंदा आठ वर्षांची. ‘मंदिर’मध्ये ‘बेबी नंदा’ म्हणून ती दिसली आणि मग कामाला जुंपलीच. ज्या वयात सागरगोटे खेळायचे त्या वयात ती घर चालवायला हातभार लावू लागली. 1956 मध्ये नात्यातल्या शांतारामांनीच तिला ‘तूफान और दिया’मध्ये मोठी भूमिका दिली. बापानं दुसऱ्याच्या लेकीच्या हाताला काम दिलं होतं. त्याच्या लेकीच्या वेळी दुसरं कुणी धावून आलं. कर्माचा हिशोब असतो की नाही ठाऊक नाही, पण माणुसकीचा असतो.

नंदानं पुढे हिंदी सिनेमात मानाचं स्थान मिळवलं. धाकट्या बहिणीच्या, सोशिक बाईच्या भूमिका केल्या, ‘आँचल’साठी फिल्मफेअर मिळवलं, आणि ‘इत्तफाक’सारख्या चित्रपटात वेगळंही काही करून दाखवलं. भावंडं मार्गी लागली. स्वतःचं लग्न मात्र राहून गेलं. 1992 मध्ये, वयाच्या त्रेपन्नाव्या वर्षी, दिग्दर्शक मनमोहन देसाई यांच्याशी तिचा साखरपुडा झाला. दोघांच्या मैत्रिणीनं, वहिदा रेहमाननं, त्यासाठी पुढाकार घेतला होता. पण लग्नाआधीच, 1994 मध्ये, देसाई गेले. नंदा एकटीच राहिली आणि 25 मार्च 2014 रोजी तीही गेली. ज्यांनी प्रेमाची आळवणी हसत हसत दाखवली, त्यांच्याच लेकीच्या वाट्याला ती इतक्या उशिरा आली आणि अर्ध्यावर राहिली. याला काय म्हणावं?

विनायकांचे बरेचसे चित्रपट आज सहजी बघायला मिळत नाहीत. पण ‘ब्रह्मचारी’ची गाणी आणि दृश्यं अजून फिरतात. मोबाईल हातात असलेल्या नातवंडांना सांगा, ते शोधून देतील. बघताना आवाज खरखरेल, चित्र हलेल. थोडी कळ काढा. औदुंबराची फजिती बघून तुम्हाला हसू येईल आणि किशोरीचा मोकळेपणा बघून थोडं नवलही वाटेल, की आपल्या आज्या-पणज्यांच्या काळातली मुलगी ही!

शक्य झालं तर घरातल्या मुलग्याला शेजारी बसवून बघा. त्याला बगारामची गोष्ट सांगा. एखादी मुलगी आवडणं यात वाईट काही नाही. तिच्यासाठी चिकाटी धरण्यातही नाही. फक्त ती चिकाटी तिच्या वाटेत आडवी येणारी नको, तिच्या उपयोगी पडणारी हवी. आणि ती नको म्हणाली तर हसतमुखानं बाजूला होणारी हवी. पोटची पोरं आपलं ऐकत नाहीत अशी आपली नेहमीची तक्रार असते. पण हसवत सांगितलेली गोष्ट ती ऐकतात. विनायकांना हे पक्कं माहीत होतं.